नाना शंकरशेट यांना 'पहिले आमदार' म्हणावे का?

कोपरीकर
नमस्कार. ठाणे पूर्वेला, कोपरीत, आमच्या वसाहतीचे एक छोटे वाचनालय आहे. येत्या १० फेब्रुवारीला जगन्नाथ शंकरशेट, म्हणजे आपले नाना, यांच्या जयंतीनिमित्त तिथे एक फलक लावायचे ठरले आहे. नानांचा जन्म १८०३ साली मुरबाडला, म्हणजे आपल्याच ठाणे जिल्ह्यात झाला. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून निघालेली पहिली गाडी जिथे येऊन थांबली, ते ठाणे स्थानक आमच्यापासून चालत दहा मिनिटांवर आहे. त्यामुळे फलक असावा याविषयी कोणाचेच दुमत नव्हते. दुमत झाले ते मजकुरावरून. एका सभासदांनी 'थोर उद्योगपती व मुंबईचे पहिले आमदार' असे लिहून आणले. दुसऱ्यांचे म्हणणे असे की, नाना निवडून आलेले नव्हते, मग त्यांना आमदार कसे म्हणायचे? तिसऱ्यांनी विचारले की, उद्योगपती आणि आमदार हे शब्द एका ओळीत वाचले की आजच्या वाचकाच्या मनात ज्या शंका येतात, त्या नानांच्या वाट्याला का आणाव्यात?

मला या तिसऱ्या प्रश्नाने अडवले आहे. १८२२ साली वडील वारले तेव्हा नाना एकोणीस वर्षांचे होते आणि घरच्या मोठ्या व्यापाराची सगळी जबाबदारी त्यांच्यावर आली. अरब आणि अफगाण व्यापारी आपला पैसाअडका बँकांपेक्षा नानांच्या पेढीवर विश्वासाने ठेवत, इतका त्यांचा लौकिक होता. पुढे रेल्वे आली, १८५२ साली बॉम्बे असोसिएशन ही राजकीय संस्था स्थापन झाली, आणि १८६२ साली मुंबईच्या कायदेमंडळात त्यांची नेमणूक झाली. यातला व्यापारी कुठे संपतो आणि सार्वजनिक कार्यकर्ता कुठे सुरू होतो, हे मला ठरवता येत नाही. व्यापार बाजूला ठेवून नानांची कारकीर्द सांगू नये, असे माझे मत आहे. पण ती कोणत्या शब्दांत सांगावी, यासाठी आपल्या सर्वांची मदत हवी आहे.

वाशीकर
'आमदार' हा शब्द टाळावा. १८६१ च्या इंडियन कौन्सिल्स ॲक्टने मुंबईच्या गव्हर्नरला कायदे करण्यापुरते जादा सदस्य नेमण्याची मुभा दिली. ॲडव्होकेट जनरल सोडून असे किमान चार व कमाल आठ सदस्य नेमायचे होते, त्यांतले निदान निम्मे सरकारी नोकरीबाहेरचे असायला हवे होते आणि मुदत दोन वर्षांची होती. त्यांना प्रश्न विचारण्याचा अधिकार नव्हता आणि अंदाजपत्रकावर चर्चाही करता येत नव्हती. हे दोन्ही अधिकार १८९२ च्या कायद्याने मर्यादित स्वरूपात मिळाले. समोर ठेवलेल्या विधेयकावर बोलायचे, एवढेच त्यांचे काम. मतदारसंघ नाही, मतदार नाही, मग आमदार कसला? 'मुंबईच्या कायदेमंडळातील पहिल्या भारतीय सदस्यांपैकी एक' हे वर्णन लांब आहे, परंतु बरोबर आहे.

गावदेवीचा_वाचक
वाशीकरांशी सहमत आहे. 'पहिल्यांपैकी एक' हे शब्द महत्त्वाचे आहेत, कारण त्या वेळी नानांबरोबर इतरही भारतीयांची नेमणूक झाली होती. फलकांवर 'पहिले' लिहिण्याची आपल्याकडे फार घाई असते.

मुरबाडी
मी मुरबाड तालुक्यातला आहे, नोकरी ठाण्यात आहे. नानांनी ज्या रेल्वेसाठी धडपड केली ती १८५३ साली ठाण्याला आणि १ मे १८५४ रोजी कल्याणला पोहोचली. त्यांच्या जन्मगावी मात्र ती अजून पोहोचलेली नाही. आम्ही आजही एसटीने किंवा जीपने कल्याणला येतो आणि तिथून लोकल पकडतो. कल्याण ते मुरबाड रेल्वेची चर्चा माझ्या वडिलांच्या तरुणपणापासून ऐकतो आहे. फलकावर मुरबाडचे नाव ठळक अक्षरांत लिहावे, एवढी माझी विनंती आहे. शाळेत आम्हाला नाना शंकरशेट म्हणजे गिरगावचे, मुंबईचे, असेच शिकवले गेले. ते आमच्या गावचे आहेत, हे मला विसाव्या वर्षी कळले.

हिशेबनीस
मी व्यवसायाने लेखापरीक्षक आहे आणि नवी मुंबईतील अनेक गृहनिर्माण संस्थांचे हिशेब तपासले आहेत, त्यामुळे कोपरीकरांच्या तिसऱ्या प्रश्नाकडे त्याच नजरेने पाहतो. माझ्याबद्दल गैरसमज होऊ नये म्हणून आधीच सांगतो की, नानांविषयी मला मनापासून आदर आहे. पण रेल्वेचा पैशाचा व्यवहार फलकापुरता तरी समजून घ्यायला हवा.

ग्रेट इंडियन पेनिन्शुला रेल्वे ही खाजगी कंपनी होती आणि ती लंडनमध्ये स्थापन झाली. १७ ऑगस्ट १८४९ रोजी तिचा ईस्ट इंडिया कंपनीशी करार झाला. भागधारकांच्या भांडवलावर पाच टक्के व्याजाची हमी सरकारने दिली आणि जमीन विनामूल्य दिली. नफा कमी पडला तर तूट हिंदुस्थानच्या महसुलातून, म्हणजे इथल्या शेतकऱ्याच्या साऱ्यातून भरून निघणार होती. नाना आणि सर जमशेटजी जीजीभॉय हे कंपनीच्या संचालकांमधले दोन भारतीय. म्हणजे ज्या कंपनीचा नफा सरकारी हमीवर उभा होता तिचे संचालक, आणि पुढे त्याच सरकारच्या कायदेमंडळाचे सदस्य, अशा दोन भूमिका एका माणसाने केल्या. त्यांनी गैर केले असे मी म्हणत नाही, त्या काळी त्यात कोणताही नियम मोडत नव्हता. परंतु आज असा माणूस निवडणुकीला उभा राहिला तर आपण पहिला प्रश्न हाच विचारू, आणि विचारायलाच हवा.

मी एका सोसायटीत असा प्रसंग पाहिला आहे. सचिवांनी इमारतीच्या रंगकामाचा ठेका आपल्या सख्ख्या भावाला दिला. भावाने काम उत्तम केले, दरही बाजारापेक्षा कमी लावला. तरीही पुढच्या तीन वार्षिक सभा त्याच एका विषयावर गेल्या, कारण ठेका देताना सचिवांनी नाते सांगितले नव्हते. काम कसे झाले याची तक्रार कोणीच करत नव्हते; आधी का सांगितले नाही, हीच सगळ्यांची तक्रार होती.

नेरूळची_शिक्षिका
हिशेबनीस, तुमचा मुद्दा योग्य आहे, पण कारकिर्दीचे माप फक्त रेल्वेच्या हिशेबावर घेऊ नये, असे मला वाटते. मी सव्वीस वर्षे मराठी शाळेत शिकवले आहे, त्यामुळे नानांचे नाव निघाले की मला आधी बोर्ड ऑफ एज्युकेशन, म्हणजे मुंबई इलाख्यातले शिक्षणाचे सरकारी मंडळ, आठवते. १८४० च्या दशकात मंडळाचे अध्यक्ष सर अर्स्किन पेरी यांचा आग्रह होता की, सरकारी पैसा मुख्यतः इंग्रजीतून द्यायच्या शिक्षणावर खर्च व्हावा. नाना, फ्रामजी कावसजी आणि महंमद इब्राहीम मकबा या तीन भारतीय सदस्यांनी त्याला विरोध केला. थोड्यांनी इंग्रजी जरूर शिकावी, परंतु ज्ञान सामान्य लोकांपर्यंत न्यायचे असेल तर ते त्यांच्याच भाषेतून जाईल, ही नानांची भूमिका होती. एका हिंदू, एका पारशी आणि एका मुसलमान सदस्याने मिळून देशी भाषांची बाजू धरली, हे मी माझ्या वर्गात दरवर्षी सांगत असे.

आता यात व्यापाऱ्याचा काय फायदा होता? उलट सरन्यायाधीशाच्या पदावर असलेल्या पेरींसारख्या इंग्रजाशी वाकडे घेण्यात एखाद्या व्यापाऱ्याचे नुकसानच होण्याचा संभव होता. नानांचा स्वतःचा व्यवहार इंग्रजीत उत्तम चालत असे. जे लोक त्या बैठकीत कधीच बसणार नव्हते, त्यांच्यासाठी ते बोलले. माझ्या मते लोकप्रतिनिधीचे काम ते कायदेमंडळात जाण्याआधी वीस वर्षे करत होते.

मुलींच्या शाळांचे तर विसरूच नका. पुण्यात फुले दांपत्याने १८४८ साली शाळा काढली आणि पुढच्याच वर्षी मुंबईत एल्फिन्स्टनच्या विद्यार्थ्यांच्या स्टुडंट्स लिटररी अँड सायंटिफिक सोसायटीने मुलींच्या शाळा सुरू केल्या. त्यांतली एक नानांनी गिरगावातल्या आपल्या वाड्यात भरवू दिली. मुलींना शिकवणे हा त्या वेळी घरादाराची बदनामी ओढवून घेण्याचा विषय होता, आणि ज्याची पत हेच ज्याचे भांडवल, अशा पेढीवाल्याने ती जोखीम घेतली.

वाशीकर
शिक्षिकाबाई, पेरींचे उदाहरण फार चांगले दिलेत. मी ते वाचले होते, पण नानांच्या व्यापाराशी त्याचा संबंध कधी जोडला नव्हता.

रबाळे_एमआयडीसी
माझा रबाळ्याला सुट्या भागांचा लहान कारखाना आहे, त्यामुळे व्यापारी माणसाच्या बाजूने दोन शब्द लिहितो. सार्वजनिक कामात आलेल्या व्यावसायिकाकडे नेहमी संशयाने पाहण्याची जी रीत पडली आहे, तिचे मला दुःख होते. पगार वेळेवर देणे, उधारी वसूल करणे, मंदीत माणसे टिकवणे, हे ज्याने केले आहे, त्याला सरकारी निर्णयाचा खालच्या माणसावर काय परिणाम होतो हे चांगले कळते. मुंबई ते कल्याण या पहिल्या मार्गासाठी पाच लाख पौंडांचे भांडवल उभे करायचे होते. रेल्वे म्हणजे काय, हे इथे कोणी डोळ्यांनी पाहिलेले नसताना लोकांना त्यात पैसे घालायला तयार करणे, हे कोणा अधिकाऱ्याच्या हातून झाले नसते. त्यासाठी बाजारात ज्याच्या शब्दाला किंमत आहे, असाच माणूस लागतो.

हिशेबनीस साहेब म्हणतात तो नियम मात्र मला मान्य आहे. माझा एक जुना भागीदार महापालिकेच्या निवडणुकीला उभा राहणार होता, तेव्हा वकिलांनी त्याला महापालिकेचे चालू काम आधी सोडायला सांगितले. त्याने काम ठेवले आणि निवडणूक सोडली. दोन्ही हवे असा हट्ट त्याने धरला नाही, याचे मला आजही कौतुक वाटते.

हिशेबनीस
रबाळेकर, तुमच्या भागीदाराला मिळालेला सल्ला अगदी बरोबर होता. महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियमाच्या कलम १० नुसार महापालिकेच्या कंत्राटात ज्याचा प्रत्यक्ष किंवा अप्रत्यक्ष हिस्सा अथवा हितसंबंध आहे, तो काही ठरावीक अपवाद सोडता नगरसेवक राहू शकत नाही. आमदारासाठीची तरतूद याहून अरुंद आहे. १९५१ च्या लोकप्रतिनिधित्व कायद्याच्या कलम ९-अ नुसार, आपल्या व्यापार-धंद्याच्या ओघात संबंधित सरकारशी माल पुरवण्याचा किंवा काम करून देण्याचा करार केला असेल आणि तो चालू असेल, तर ती व्यक्ती अपात्र ठरते. काम पूर्ण करून दिले असेल आणि फक्त बिल सरकारकडे थकले असेल, तर तो करार चालू धरला जात नाही. एखाद्या कंपनीचे नुसते शेअर असणे या कलमात येत नाही. नगरसेवकाला जो 'अप्रत्यक्ष हितसंबंध' बांधतो, तो शब्द आमदारासाठी नाही.

त्यामुळे नानांना आजचे कलम लावले असते तरी रेल्वेच्या भागधारणेमुळे ते अपात्र ठरले नसते, असे मला वाटते. हे लिहिताना मला आनंद होत नाही. शंभर-दीडशे वर्षांनंतर आपला नियम याहून पुढे जायला हवा होता.

खारेगावकर
एक वेगळी बाजू मांडतो. नानांच्या चारित्र्याविषयी वाद नाही. पण १८६२ साली त्या मंडळात जे भारतीय बसले ते सगळे श्रीमंत, सरदार किंवा शेटिये होते. आमच्या खारेगाव-कळव्याच्या आगरी आणि कोळी लोकांच्या वतीने तिथे कोण बोलणार होते? रेल्वे आली तेव्हा खाडीतून शिडाच्या होड्यांनी माल नेणाऱ्यांचा धंदा हळूहळू गेला. त्यांना पाच टक्क्यांची हमी कोणी दिली नव्हती. श्रीमंत माणूस उदार असेल तर लोकांचे भाग्य, नसेल तर त्याला जाब विचारण्याची सोय नाही, अशी ती रचना होती. निवडणुकीने ती सोय दिली, म्हणून मला 'आमदार' हा शब्द जपून वापरावासा वाटतो. तो शब्द मिळवायला आपल्या लोकांना पुढे पाऊणशे वर्षे लागली.

नेरूळची_शिक्षिका
खारेगावकर, होड्यांचा मुद्दा मनाला लागला. मी तो कधी विचारात घेतला नव्हता.

तरीही एक गोष्ट नोंदवते. निवडणूक नव्हती हे नानांनी मुकाट्याने स्वीकारले नव्हते. २६ ऑगस्ट १८५२ रोजी बॉम्बे असोसिएशन स्थापन झाली, तिच्या पहिल्या सभेचे अध्यक्ष नाना होते, आणि डॉ. भाऊ दाजी लाड तिच्या चिटणिसांपैकी एक होते. ईस्ट इंडिया कंपनीची सनद, म्हणजे कारभाराचा परवाना, १८५३ साली नवी व्हायची होती, म्हणून असोसिएशनने ब्रिटिश पार्लमेंटकडे अर्ज पाठवला. कायदे करताना इथल्या लोकांना सामील करून घ्यावे, ही त्यातली एक प्रमुख मागणी होती. ती पूर्ण मान्य व्हायला नऊ-दहा वर्षे गेली आणि जे मिळाले ते वाशीकरांनी लिहिले तसे तोकडेच होते. परंतु दार ठोठावणाऱ्यांमध्ये नाना होते, आणि मधल्या काळात, १८५७ च्या उठावानंतर, त्यांच्यावरच सरकारने संशय घेतला होता. ते निर्दोष ठरले. ज्या सरकारने संशय घेतला त्याच्याच मंडळात पाच वर्षांनी बसून बोलायचे, हे सोपे गेले नसेल.

गावदेवीचा_वाचक
'पूर्ण मान्य' या शब्दांना माझी हरकत आहे. १८६१ च्या कायद्याने मान्य केले ते फक्त नेमणुकीपुरते. मर्यादित मतदारांची निवडणूक १९०९ पासून सुरू झाली आणि स्वतंत्र विधानसभा मुंबई प्रांतात १९३७ साली आली. खारेगावकरांची पाऊणशे वर्षे अगदी बरोबर मोजलेली आहेत.

नेरूळची_शिक्षिका
बरोबर आहे, 'अंशतः मान्य' असे वाचावे.

नवखा_ठाणेकर
मी विद्यार्थी आहे आणि पहिल्यांदाच लिहितो आहे. आज एखादा उमेदवार व्यावसायिक असेल, तर त्याचे हितसंबंध सामान्य मतदाराला कुठे पाहायला मिळतात? मागच्या निवडणुकीत मी पहिल्यांदा मतदान केले, पण हे कुठे शोधायचे ते मला माहीत नव्हते.

हिशेबनीस
प्रश्न विचारलात याचा आनंद झाला. उमेदवारी अर्जासोबत 'नमुना २६' नावाचे शपथपत्र द्यावे लागते आणि ते निवडणूक आयोगाच्या संकेतस्थळावर कोणालाही वाचता येते. सर्वोच्च न्यायालयाच्या २००२ आणि २००३ च्या निकालांमुळे गुन्ह्यांची, मालमत्तेची आणि कर्जाची माहिती देणे बंधनकारक झाले. १६ फेब्रुवारी २०१८ च्या लोक प्रहरी प्रकरणातील निकालानंतर उमेदवाराच्या, जोडीदाराच्या आणि अवलंबितांच्या उत्पन्नाचे स्रोत तसेच सरकारशी असलेली कंत्राटेही सांगावी लागतात. आधीच्या पाच वर्षांचे प्राप्तिकर विवरणपत्रातले उत्पन्नही त्यात असते.

वाचताना एकूण संपत्तीच्या आकड्यावर थांबू नका, वर्तमानपत्रे नेमके तेवढेच छापतात. कंपन्यांची आणि भागीदारी संस्थांची नावे वाचा, कर्ज कोणाकडून घेतले आहे ते पाहा, आणि त्याच उमेदवाराचे पाच वर्षांपूर्वीचे शपथपत्र शेजारी उघडून ठेवा. मी आमच्या मतदारसंघातल्या सगळ्या प्रमुख उमेदवारांचे असे वाचन करतो. दोन संध्याकाळी पुरतात. उणीव एवढीच आहे की हे शपथपत्र निवडणुकीच्या वेळचे असते. निवडून आल्यावर, एखादा विषय सभागृहात आला असताना सदस्याचा त्यात हितसंबंध आहे का, हे लोकांना सहज कळत नाही. राज्यसभेत सदस्यांच्या हितसंबंधांची नोंदवही ठेवण्याचा नियम आहे. तशी नोंदवही प्रत्येक विधिमंडळात असावी आणि ती सर्वांना वाचता यावी, असे मला फार दिवसांपासून वाटते.

नवखा_ठाणेकर
मनापासून आभार. आजच दोन शपथपत्रे शोधून काढली.

प्रशासक
काही सदस्यांनी सध्याच्या आमदारांची नावे घेऊन प्रतिसाद लिहिले होते, ते काढले आहेत. विषय नाना शंकरशेट आणि फलकाचा मजकूर हा आहे, कृपया त्यावरच लिहावे.

रबाळे_एमआयडीसी
फलकाकडे येतो. 'उद्योगपती' हा शब्दही तपासावा. नानांनी कारखाने काढले नव्हते. मुंबईची पहिली कापड गिरणीच मुळी १८५० च्या दशकात उभी राहिली. नाना पेढीवाले आणि व्यापारी होते. 'व्यापारी' या शब्दात कमीपणा कसला? तोच लिहावा.

खारेगावकर
मान्य. आणि मरणाचे वर्षही लिहावे. ३१ जुलै १८६५ रोजी ते गेले, त्याच महिन्यात मुंबईच्या शेअर बाजारातला कापसाच्या पैशाचा फुगा फुटला आणि कित्येक पेढ्या बुडाल्या. अमेरिकेतले यादवी युद्ध संपले, कापसाचे भाव कोसळले आणि चार वर्षांत शिखरावर चढलेली मंडळी रस्त्यावर आली. त्या शहरात चाळीस वर्षे पत टिकवून जाणारा व्यापारी, हे वर्णन मला 'पहिले आमदार' यापेक्षा मोठे वाटते. होड्यांबद्दलची माझी तक्रार कायम आहे, पण हेही खरे आहे.

मुरबाडी
सीएसएमटीच्या इमारतीच्या दर्शनी भागावर नानांचा चेहरा दगडात कोरलेला आहे. मी रोज त्या बाजूने जात असे, तरी तो त्यांचा आहे हे मला कोणी दाखवेपर्यंत कळले नव्हते. फलकावर त्यांचे चित्र असेल तर खाली नाव मोठे लिहा.

कोपरीकर
सर्वांचे मनापासून आभार. काल समितीपुढे हा सगळा धागा छापून नेला आणि सभासदांनी तो आळीपाळीने मोठ्याने वाचला. पुढील मजकूर एकमताने ठरला आहे:

'जगन्नाथ शंकरशेट (नाना). जन्म मुरबाड, जिल्हा ठाणे, १० फेब्रुवारी १८०३. मृत्यू ३१ जुलै १८६५. व्यापारी व पेढीवाले. मराठी शिक्षणाचे आणि मुलींच्या शाळेचे पाठीराखे. मुंबई ते ठाणे रेल्वे बांधणाऱ्या कंपनीचे संचालक. बॉम्बे असोसिएशनच्या पहिल्या सभेचे अध्यक्ष, १८५२. मुंबईच्या कायदेमंडळावर नेमलेल्या पहिल्या भारतीय सदस्यांपैकी एक, १८६२.'

'संचालक' हा शब्द हिशेबनीस यांच्या प्रतिसादामुळे आला. आधीच्या मसुद्यात 'रेल्वेचे जनक' असे होते. 'नेमलेल्या' हा शब्द वाशीकर आणि खारेगावकर यांचा. तिसरा प्रश्न विचारणाऱ्या सभासदांनी स्वतःच सांगितले की, कंपनीतले पद आणि कायदेमंडळातले पद दोन्ही फलकावर असू द्यावे, वाचणाऱ्याने काय ते ठरवावे.

हिशेबनीस
समाधान वाटले. माझी काहीही दुरुस्ती नाही.

नेरूळची_शिक्षिका
'पाठीराखे' ऐवजी 'कैवारी' चालेल का, पाहा. नाही तर आहे ते उत्तम आहे. दहा तारखेला मी नेरूळहून येईन, ठाण्याला थेट लोकल आहे.

मुरबाडी
मुरबाड पहिल्या ओळीत आले, फार बरे वाटले. या मजकुराची एक प्रत आणि फलकाचे माप मला पाठवाल का? आमच्या गावातल्या वाचनालयाशी बोललो आहे. त्यांनाही असाच फलक करायचा आहे, आणि भिंतीची जागा त्यांनी आज मोजून ठेवली आहे.